औषध काढलेली गोष्ट

१

किल्लीवाले घरी आले की अख्ख्या जिन्याला कळायचं. आधी चपला वाजायच्या, त्यातली डावी जरा फरफटत. मग दारापाशी एक लांब ‘हुश्श’. मग कुलपात किल्ली, आणि आत आल्याआल्या किल्ल्यांचा जुडगा दारामागच्या स्टीलच्या वाडग्यात, खण्णकन. चपला स्टँडखाली भिरकावल्याचे दोन आवाज. आणि शेवटी स्वयंपाकघराकडे तोंड करून आरोळी, "चहा आहे का चहा?"

चौकातल्या छोट्याशा दुकानात दिवसभर किल्ल्या घासणारा हा साधा माणूस. पण बायकोची थट्टा करण्यात पटाईत. तिचं पहिलं पुस्तक आलं तेव्हा तिला चिडवायला म्हणून ते ‘लेखिकाबाई’ म्हणायला लागले, आणि ते नाव असं चिकटलं की दूधवालाही तेच म्हणायला लागला. ती लिहायची राक्षसांच्या, बोलक्या विहिरींच्या, कुठेच नसलेल्या देशांच्या कादंबऱ्या. जेवणाच्या टेबलाच्या एका टोकाला तिचा लॅपटॉप, दुसऱ्या टोकाला मटार सोलणाऱ्या सासूबाई. "नसलेल्या देशातल्या नद्यांची नावं हिला तोंडपाठ," सासूबाई म्हणायच्या, "आणि असलेल्या घरातलं मीठ संपलंय याचा पत्ता नाही."

त्या संध्याकाळी ती एका राजवाड्याला आग लावण्यात गुंतली होती. जिन्यात चपला वाजल्या. हुश्श झालं. किल्ली फिरली. वाडगा खण्णकन वाजला, चपला पडल्या, आरोळी आली. ती उठली, चहा गाळला आणि कप घेऊन बाहेरच्या खोलीत आली.

खोलीत कोणी नव्हतं. वाडगा रिकामा होता. स्टँडखाली तिच्या आणि सासूबाईंच्याच चपला होत्या. दाराला आतून कडी होती.

"आला का गं?" सासूबाईंनी टेबलावरून विचारलं.

"आले वाटतं. म्हणजे... नाही आले."

"आला की नाही आला? एक काहीतरी सांग बाई."

तिने हसून वेळ मारून नेली. रोज तेच ते ऐकून कानाला सवय होते, त्यात डोकं राजवाड्यात, होतात भास. चहा निवला तेव्हा तिने तो स्वतःच पिऊन टाकला. बऱ्याच वेळाने किल्लीवाले आले, थट्टा केली, जेवले, झोपले. खरकटी भांडी आवरताना तिच्या लक्षात आलं की आपल्याला मघापासून काहीतरी चुकल्यासारखं वाटतंय. त्यांनी आत येऊन जुडगा वाडग्यात टाकला होता. तिने समोर बसून पाहिला होता. तो वाजला नव्हता.

२

आता ही गोष्ट ऐकणाऱ्याला ‘आधीचा’ कोण ते सांगायला हवं, कारण लेखिकाबाईला ते त्याच क्षणी आठवलं आणि तिने ते झटकून टाकलं.

तिची लिहिण्याची तऱ्हा अशी, की हाडं सासूबाईंची आणि मांस तिचं. सासूबाईंकडे जुन्या गोष्टींचा साठा होता. त्या मटार सोलत सांगायच्या, ही कणीक मळत किंवा भांडी पुसत ऐकायची. कधी काही टिपून ठेवलं नाही. जे लक्षात राहतं तेच खरं, असं तिचं म्हणणं. त्या साठ्यातलाच आधीचा. माणूस घरी यायच्या आधी त्याचे आवाज घरी येतात. घरचे उठून बघतात तर कोणी नसतं. मग खरा माणूस येतो, पण जे आवाज आधी येऊन गेले ते त्याच्याकडे उरलेले नसतात. रोज एकेक आवाज जातो. गोष्ट एवढीच, आणि शेवटी त्यावरचं औषध. ते ऐकून लेखिकाबाई पोट धरधरून हसली होती. तेवढ्यात दूध उतू गेलं होतं आणि ती हसत हसतच गॅसकडे धावली होती.

आधीच्यावर पुस्तक लिहिताना तिने संपादकांना फोनवर ते औषध सांगितलं. संपादक म्हणाले, "अहो, सगळी भीती घालवताय तुम्ही. इतकं चढवत नेलंय आणि शेवट अगदीच फुसका. काढून टाका."

तिने काढलं. पुस्तकाच्या शेवटी एका बाईच्या घरात नवऱ्याची चाहूल होती, हाक होती, घोरणं होतं, फक्त नवरा नव्हता. वाचकांना रात्ररात्र झोप लागेना. पुस्तक तुफान चाललं.

सासूबाईंनी ते वाचून खाली ठेवलं आणि विचारलं, "अगं, आणि ते शेवटचं?"

"काढलं आई. संपादक म्हणाले, फुसकं वाटतं."

"म्हणजे औषध काढलंस आणि नुसतं दुखणं विकलंस?" त्यांनी चष्मा पुसला. "जुन्या लोकांनी शेकड्याने भुतं केली, पण उतारा न सांगता एक तरी केलं का, आठवून बघ."

ती हसली होती. आईंचं आपलं काहीतरीच.

३

दुसऱ्या दिवशी तसंच झालं, आणि तिसऱ्याही. आवाज यायचे, ती उठायची नाही. मन घट्ट करून टेबलापाशी बसून राहायची. मग कधीतरी किल्लीवाले यायचे. वाडगा मुकाच होता, आता चपलाही मुक्या झाल्या. भिरकावल्यावर स्टँडखाली जाऊन आपटायच्या आणि आवाजाचं नाव नाही.

"तुम्हाला ऐकू येतंय का हो हे?"

"काय?"

"तेच तर. काहीच नाही."

"लेखिकाबाई, कानात बोळे घालून लिहिता वाटतं हल्ली." पण त्यांनी स्वतः जुडगा उचलला, वाडग्यात पुन्हा टाकला. पुन्हा टाकला. मग हात धुवायला गेले.

ती कानाच्या डॉक्टरांकडे गेली. त्यांनी मोठे हेडफोन लावून बारीकसारीक शिट्ट्या ऐकवल्या आणि सांगितलं, कान एखाद्या लहान मुलासारखे ठणठणीत आहेत. तिला बरं वाटण्याऐवजी रडूच आलं. कानात दोष निघाला असता तर पेढे वाटले असते तिने.

मनाची समजूत घालायला माणसाकडे कारणांचा काय तोटा? जुन्या इमारतीत आवाज घुमतात. वरच्या मजल्यावरचा भाडेकरूही तशाच चपला घालत असेल. आणि भुतं लिहिणारी बाई भुताला भिते, हे ऐकायलाही कसंसंच. शिंपी कधी आपण शिवलेल्या कोटाला भितो का?

मग एकदा ती भाजी घेऊन जिना चढत होती, किल्लीवाले मागून पिशव्या घेऊन येत होते. खालच्या मजल्यावरच्या निवृत्त शिक्षिकाबाई दारात उभ्या होत्या. किल्लीवाल्यांना पाहून त्या दचकल्या.

"अहो, तुम्ही आत्ताच तर वर गेलात ना? मी आतून हाकसुद्धा मारली. तुम्ही ‘हुश्श’ म्हणालात."

"मी?" किल्लीवाल्यांनी जिना चढून आल्यावर सोडतात तसा मोठा श्वास सोडला. छाती खाली गेली, खांदे उतरले. हुश्श काही झालं नाही.

शिक्षिकाबाईंनी दार लावून घेतलं.

४

आता मात्र तिने सरळ सासूबाईंना गाठलं. दुपार होती, त्या मटार सोलत होत्या. त्यांची स्मरणशक्ती गेल्या वर्षभरात उतरणीला लागली होती. पण गोष्टी शाबूत असतील, गोष्टी कुठे जातात, या आशेवर ती बसली.

"आई, आधीच्याची गोष्ट सांगा ना."

सासूबाईंची कळी खुलली. पुस्तक गाजल्यापासून किती जण त्यांना भेटायला येऊन गेले होते, किती जणांनी समोर माइक धरला होता. प्रत्येकाला त्यांनी ती सांगितली होती. आताही सांगितली, हातवारे करून, आवाज खाली आणून, अगदी रंगवून. शेवटी म्हणाल्या, "चाहूल होती, हाक होती, घोरणं होतं. फक्त तो नव्हता."

लेखिकाबाईने मान वर केली. हे वाक्य तिचं होतं. शब्दन् शब्द तिचा होता.

"आणि औषध?"

"कसलं औषध?"

"अहो, शेवटी असतं ना काहीतरी. तुम्हीच सांगितलं होतंत. मी केवढी हसले होते. दूध उतू गेलं होतं, आठवतंय?"

"दूध तर तुझं रोजच उतू जातं." सासूबाईंनी एक शेंग उघडली. "त्याला औषध नाही बाई. म्हणून तर तो आधीचा. सगळ्यांना माहीत आहे."

तिने आपलीच आठवण उलटीपालटी केली. दाण्याला दाणा जोडायला बसली. हसू आठवत होतं, गॅसवरचा जळका वास आठवत होता, सासूबाईंचं हसताना हलणारं पोट आठवत होतं. कशाला हसलो ते मात्र काही केल्या आठवेना. आडातच नाही तर पोहऱ्यात कुठून येणार?

संपादकांना फोन लावला.

"तुम्ही म्हणाला होतात ते... चपलांचं काहीतरी होतं का?" संपादक आठवायचा प्रामाणिक प्रयत्न करत होते. "की दारात काही बोलायचं होतं? हसण्यासारखं होतं एवढं नक्की. का हो, नव्या आवृत्तीत घालताय की काय? नका घालू."

त्या दिवशी तिने चपला उलट्या ठेवल्या, सुलट्या ठेवल्या, दाराबाहेर ठेवल्या, आत ठेवल्या. किल्लीवाले उभे राहून बघत होते. नेहमीसारखे असते तर शंभर कोट्या केल्या असत्या त्यांनी. एकही केली नाही.

५

किल्लीवाल्यांनी दुकान अधूनमधून बंद ठेवायला सुरुवात केली. कारण त्यांनी सांगितलं नाही, तिनेच जाऊन बघितलं. ते किल्ली यंत्राला लावत होते, कानस फिरवत होते, पितळेचा भुगा पडत होता, आणि दुकानात रस्त्यावरच्या गाड्यांखेरीज काहीही ऐकू येत नव्हतं. समोर उभं असलेलं गिऱ्हाईक बावचळून दोन पावलं मागे सरकलं होतं.

घरी आल्यावर ते तिच्यासमोर बसले. आवाज अजून होता, पण विरळ झाला होता, शेजारच्या घरातून यावा तसा.

"अगं, तूच लिहिलंयस ना हे?" ते म्हणाले. थट्टा नव्हती, राग नव्हता. रागावले असते तर तिला परवडलं असतं. "मग पुढचं तूच लिही की. तुझ्या हातात आहे ना?"

ती लिहायला बसली. इतकं जीव तोडून तिने आजवर काही लिहिलं नव्हतं. एका बाईने उंबऱ्यावर दिवा ठेवला आणि आधीचा गेला, असं लिहिलं. खोटं वाटलं, खोडलं. बाईने दारावर नवऱ्याचं नाव लिहिलं, तेही खोडलं. एक औषध जरा जमल्यासारखं वाटलं, ते तिने सासूबाईंना वाचून दाखवलं.

सासूबाईंनी शेवटपर्यंत ऐकलं. मग गोष्ट चुकली की लहान मूल जसं मान हलवतं तशी मान हलवली.

"छे, छे. असं नाहीये. कोणी सांगितलं तुला हे?"

"मीच लिहिलंय आई."

"तू लिहून काय होतंय?" त्या मायेने म्हणाल्या. "गोष्ट जशी आहे तशी आहे. मनाचं नाही घालू त्यात."

त्या संध्याकाळी आवाज आले तेव्हा सासूबाईंनी आरोळीला उत्तर दिलं, "हो रे राजा, आहे हो चहा." आणि लेखिकाबाईने पाहिलं, त्या खरोखरच उठल्या, कपात चहा ओतला आणि टेबलावर किल्लीवाल्यांच्या जागेसमोर ठेवला. किल्लीवाले उशिरा आले. तोवर कप रिकामा झाला होता.

"आत्ता तर प्यायलास," सासूबाई लेकाला म्हणाल्या. "सारखा सारखा चहा बरा नव्हे."

लेखिकाबाई मोरीत जाऊन नळ सोडून रडली. या माणसाच्या किल्ल्यांचा आवाज तिने वर्षानुवर्षं ऐकून न ऐकल्यासारखा केला होता, लिहिताना मध्येच आला की वैतागली होती. आता तो खण्ण एकदाच खरा ऐकायला मिळावा म्हणून तिने सगळी पुस्तकं जाळली असती.

६

शेवटी तिच्या डोक्यात साधी गोष्ट आली. जो बाहेर जातच नाही तो घरी येणार कुठून? आणि तो येणारच नसेल, तर त्याच्या आधी कोण येईल?

"उद्या कुठे जायचं नाही," तिने सांगितलं. "दिवसभर इथेच बसायचं. माझ्यासमोर."

किल्लीवाले दिवसभर बसले. दोघांनी मिळून मटार सोलले. सासूबाईंना लेक दिवसभर समोर मिळाला म्हणून त्या खुशीत होत्या. किल्लीवाल्यांनी आपल्या विरळ आवाजात एक विनोदही केला, आणि लेखिकाबाई गरजेपेक्षा जास्त हसली. दुपार टळली. उन्हं भिंतीवरून खाली उतरली. तिने त्यांचा हात धरून ठेवला होता. हात गरम होता, खरा होता, तळव्याला पितळेचा वास होता.

जिन्यात चपला वाजल्या.

डावी जरा फरफटत होती. किल्लीवाल्यांनी मान वर केली. स्वतःला जिना चढताना ऐकणाऱ्या माणसाचा चेहरा कसा होतो, ते लिहायला तिला पूर्वी सहज जमलं असतं. दारापाशी हुश्श झालं. किल्ली फिरली. दार जागचं हललं नाही, कडीही हलली नाही. वाडगा त्यांच्या डोळ्यांसमोर होता, रिकामा, आणि तो खण्णकन वाजला. चपला पडल्या.

"आला!" सासूबाई म्हणाल्या. लेक शेजारी बसला होता, आणि त्या दाराकडे बघून हसत होत्या.

"चहा आहे का चहा?" खोलीच्या मधोमध किल्लीवाल्यांचा भरघोस, जुना, थट्टेखोर आवाज आला. मग चपला स्वयंपाकघराकडे गेल्या.

लेखिकाबाईने नवऱ्याकडे पाहिलं. त्यांचं तोंड उघडं होतं. ओठ हलत होते. ते तिला काहीतरी सांगत होते, जोरजोरात सांगत होते, गळ्याच्या शिरा ताणल्या होत्या. काहीही ऐकू येत नव्हतं.

मग ते उठले. तिने हात सोडला नाही, त्यांनीच हळूच सोडवून घेतला. बोटाने दाराकडे दाखवलं, मग स्वतःकडे, मग पुन्हा आतल्या दिशेने. तिला समजलं. किल्ली नीट बसली नाही की ते बाहेर काढून पुन्हा घालायचे. आयुष्यभर त्यांनी सगळं असंच दुरुस्त केलं होतं. ते बाहेर जाऊन नीट पुन्हा येणार होते.

"नका जाऊ हो," ती म्हणाली. पण थांबवून तरी त्यांना काय देणार होती ती? त्यांनी कडी काढली, बाहेर गेले आणि दार ओढून घेतलं.

ती दाराला कान लावून उभी राहिली. मागे स्वयंपाकघरात कप वाजत होते, सासूबाई कोणाशीतरी बोलत होत्या, कोणीतरी हसत होतं. दारापलीकडे काही नव्हतं. आता काय ऐकू येणार होतं? तिने दार उघडलं.

किल्लीवाले पायपुसण्यावर उभे होते. हात बेलवर होता, बटण दाबलेलं होतं. त्यांनी तिच्या डोळ्यांत पाहिलं आणि सावकाश, तिला वाचता यावं म्हणून ओठ ताणून विचारलं. दोनच शब्द होते. आठवलं का?

तिने मान हलवली. नाही.

तेवढ्यात स्वयंपाकघरातून त्यांचा आवाज आला, हसत हसत, "थांब रे गाढवा, मी येतोय!"

सासूबाई खदखदून हसल्या. कितीतरी दिवसांत त्या अशा हसल्या नव्हत्या. "अगं सूनबाई, हेच की ते! दारात उभं राहून आपणच आपल्याला म्हणायचं, थांब रे गाढवा, मी येतोय. की दुसरा जातो लाजून!"

आणि तिला सगळं आठवलं. दूध, मटार, गोष्टीतला तो भल्या थोरल्या मिशांचा माणूस, भर दारात उभा राहून स्वतःलाच गाढव म्हणणारा. किती हसली होती ती. एवढं सोपं होतं. ज्याच्या तोंडात आवाज आहे त्याने म्हणायचं, बस्स.

"म्हणा," ती बाहेर वळून ओरडली, "अहो, म्हणा लवकर..."

पायपुसणं रिकामं होतं. बेलचं बटण हळूच पुढे आलं. जिना खालपर्यंत रिकामा होता आणि खालच्या शिक्षिकाबाईंचं दार बंद होतं.

तिच्या मागे चपला आल्या, डावी जरा फरफटत, आणि अगदी पाठीशी येऊन थांबल्या. मानेवर कोणाचातरी श्वास लागला. पितळेचा वास मात्र आला नाही. तिने मागे वळून पाहिलं नाही.

"दार लाव गं," सासूबाईंनी आतून हाक मारली. "आता कोण यायचं राहिलंय?"

ती बराच वेळ कडीला हात लावून उभी होती. मग तिने दार लावलं.